टिचक्याची लाईन

आमच्या दादाच्या शर्टाच्या खिशात कायम टोप्या असायच्या. डोक्यावर घालायच्या नव्हेत. तारेच्या तोंडावर बसवायच्या, नखाएवढ्या रबरी टोप्या. वहिनी कपडे भिजवण्याआधी खिसे उलटे करायची आणि मोरीतून ओरडायची, "अहो, तुमची पिल्लं काढा आधी! मागच्या वेळी मोरी तुंबली होती." दादा ओंजळभर टोप्या घेऊन जायचा आणि खिडकीत वाळत घालायचा. लाईन बंद पडते ती धुळीनं, असं त्याचं म्हणणं. "आधी पूस, मग जोड," हे त्याचं वाक्य आमच्या घरात सगळ्यांना पाठ होतं. माझी मुलगी मैत्रिणीशी भांडून रडत आली, तरी मामा तिला तेच सांगायचा. ती आणखीच चिडायची. "मामा, मी काय वायर आहे का?"

दादाचं काम काचेच्या तारा जोडण्याचं. केसासारखी बारीक काच, तिच्यावर पिवळं वेष्टण, आणि आतून धावणारा उजेड. लोकांचे फोन, बँकांचे व्यवहार, नवरा-बायकोची भांडणं, सगळं त्या उजेडावर बसून जातं म्हणे. तारेच्या टोकाला जे बसतं त्याला ते लोक मॉड्युल म्हणतात. बोटाएवढी धातूची डबी असते. समोरून पाहिलं तर तिला दोन डोळे. एका डोळ्यातून उजेड जातो, दुसऱ्यात येतो. समोरच्या इमारतीत अशीच दुसरी डबी. हिचा उजेड तिला पोचला, तिचा हिला पोचला, की डबी ज्या पेटीत बसवलेली असते तिच्यावर हिरवा दिवा लागतो. म्हणजे लाईन जिवंत.

"जिवंत" हाच शब्द ते वापरायचे. बंद पडलेल्या लाईनला "मेलेली" म्हणायचे. मला तेव्हा त्याचं काही वाटत नसे.

तो आतला उजेड डोळ्यांना दिसत नाही, पण डोळा जाळू शकतो. म्हणून तारेच्या तोंडात कधी डोकावायचं नाही, हा पहिला नियम. दुसरा नियम, तार मोडेल अशी वाकवायची नाही. हा नियम दादाने घरीही आणला होता. कपड्यांची दोरीसुद्धा तो सैल वेटोळी करून ठेवायचा. वहिनीने एकदा ती कचकन गाठ मारून टांगली, तर हा जेवता जेवता उठला आणि सोडून आला. वहिनी म्हणाली, "दोरी आहे हो ती. तिच्यातून माझा उजेड नाही जात."

तर हे काम एकट्याचं नसतं. तारेला दोन टोकं, म्हणून माणसंही दोन लागतात. दादाचा जोडीदार म्हणजे आमचे हे.

दादानेच त्यांना एकदा घरी जेवायला आणलं होतं. आईने वाढेपर्यंत त्यांनी पाण्याच्या पेल्यावर टिचक्या मारून आख्खी पंगत हसवली. बोटं कधी स्वस्थ नसायची. कामावर त्यांना सगळे टिचक्याच म्हणत. लग्न ठरलं तेव्हा आई दादाला म्हणाली, "अरे, पोरगा चांगला आहे, पण जरा उनाड नाही ना?" दादा म्हणाला, "उनाड आहे. पण त्याच्या हातची तार बघ. ओळंब्याने मारल्यासारखी सरळ असते." मुलगा पसंत करण्याचं हे कारण आमच्या नात्यात पुढे कितीतरी दिवस चेष्टेचा विषय होतं.

त्यांचं ऑफिस दोन इमारतींत होतं. रस्त्याच्या अलीकडे नवी, पलीकडे जुनी. जुनीच्या तळघरात तारांची खोली. तिथे फोनला रेंज नाही. मग हे तळघरात आणि दादा नव्या इमारतीत, असे असताना एकमेकांशी बोलायचं कसं? तर त्यांनी उजेडाचीच भाषा केली होती. चाचणीसाठी हे पलीकडच्या टोकाला लूप लावत. लूप म्हणजे हातभर पिवळी तार. तिची दोन्ही टोकं उजेड येण्या-जाण्याच्या दोन भोकांत बसवली, की दादाने पाठवलेला उजेड पलीकडून वळून त्याच्याचकडे परत यायचा. दादाच्या पेटीवर हिरवा दिवा लागला, म्हणजे टिचक्या जागेवर आहे, लाईन ठीक आहे. दिवा गेला, म्हणजे लूप काढला, काम आवरलं, वर येतोय. मग दादा कोपऱ्यावरून दोन चहा घ्यायचा आणि रस्त्यापाशी जाऊन उभा राहायचा.

आणि टिचकी. काचेची तार बोटाने जराशी वाकवली, की उजेड तिथे थोडा गळतो. दादाच्या उजेड मोजायच्या मीटरवरचा आकडा खाली पडतो. बोट काढलं की पुन्हा वर. एकदा वाकवली म्हणजे ठीक. दोनदा, जरा थांबून पुन्हा दोनदा, म्हणजे ये.

आता असल्या माणसाच्या हातात असली युक्ती दिल्यावर काय होणार? दादा सगळं काम टाकून रस्ता ओलांडून, जिने उतरून धापा टाकत तळघरात पोचायचा, तर हे डबा उघडून बसलेले.

"काय झालं रे?"

"काही नाही मेव्हणे. एकट्याला घास जात नाही."

असं कितीदा झालं देव जाणे. दोघं भांडत भांडत घरी यायचे आणि मी दोघांना वाढायची. एकदा दादा खरंच तापला होता. हात धुताना तो म्हणाला, "पुन्हा बोलवून बघ. आता मेलास तरी येणार नाही." हे म्हणाले, "बघू हं." मी हसले. असलं रोजचंच होतं.

त्याच आठवड्यात हे गेले.

तळघरातच गेले. हृदय बंद पडलं. सुट्टी व्हायची वेळ झाली तरी हे वर आले नाहीत, म्हणून दादा खाली गेला, तेव्हा दाराजवळ पडलेले होते. डॉक्टर मला म्हणाले, "ताई, क्षणात गेले. त्यांना काही कळलंही नसेल." हे एक वाक्य मी पदराला बांधून घेतलं. मुलगी लहान होती. तिला निजवताना, कामावर जाताना, प्रार्थनेला बसताना मी ते वाक्य मनात म्हणायची. देवाचे आभार मानायची की, न्यायचंच होतं तर निदान असं नेलंस.

दादाने आम्हाला काही कमी पडू दिलं नाही. पण दादा बदलला. त्याचं हसणं गेलं म्हणत नाही. हसायचा, पण हसता हसता मध्येच थांबून कानोसा घ्यायचा. आमच्याकडे बेल दोनदा वाजवायची नाही, असा नियम झाला. कुणी केला ते कळलंच नाही. दोनदा बेल वाजली की दादाच्या हातातलं खाली पडायचं, एवढं सगळ्यांनी पाहिलं होतं. माझी मुलगी मामा घरी असला की एकदाच बेल दाबून मुकाट उभी राही.

आणखी एक होतं. वारा सुटलेल्या एखाद्या दुपारी दादा अचानक माझ्या दारात यायचा. गळ्यात ऑफिसचा पट्टा, घामाने चेहरा डबडबलेला.

"तू बोलावलंस का गं?"

"नाही रे दादा."

"नाही ना? बरं. पाणी दे जरा."

पाणी प्यायचा, पाच मिनिटं बसायचा आणि निघून जायचा. मला वाटायचं, बहिणीकडे यायला निमित्त लागतं त्याला. मी त्याला एकदा म्हटलंसुद्धा, "असा न बोलावता येत जा की, मी काय हाकलून देणार आहे?" तो म्हणाला, "न बोलावता आलो तर बरंच होईल." मला त्याचा अर्थ लागला नाही.

अशी वर्षं गेली. मुलगी कॉलेजात गेली. जुन्या इमारतीतलं ऑफिस हळूहळू नव्या इमारतीत आलं, जुनीला कुलूप लागलं. आणि एक दिवस दादाच्या साहेबीणबाईंचा मला फोन आला. वयाने माझ्यापेक्षा लहान, पण फार नीट बोलणाऱ्या.

"ताई, तुम्ही त्यांच्या बहीण ना? जरा येऊन जाल का? जुनी इमारत पाडणार आहेत. रस्त्याखालच्या केबल ओढून काढायच्या आहेत. सगळ्या लाईनी बंद झाल्या, एकच राहिलीय. तुमचे भाऊ ती काढू देत नाहीत."

"काढू देत नाहीत म्हणजे?"

"म्हणजे रॅकसमोर उभे राहतात. काल आमच्या माणसाचा हात धरला त्यांनी. त्यांची निवृत्ती जवळ आलीय. मला त्यांच्यावर काही कारवाई करायची वेळ येऊ नये, असं वाटतं. पण उद्या पाडणारे येतायत. मी आता किती थांबवू?"

मी गेले. त्या खोलीत मी पहिल्यांदाच पाय ठेवत होते. बाहेर ऊन होतं आणि आत थंडगार. शेकडो पंख्यांचा एकसुरी आवाज. उंच काळ्या रॅकच्या रांगा आणि त्यांवर लुकलुकणारे हिरवे दिवे, जसं काही पुष्कळ जण एकाच वेळी कुजबुजतायत. दादा अगदी शेवटी कोपऱ्यात होता. एक जुनी पेटी, शेजारी मीटर, आणि समोर स्टुलावर दादा. त्या पेटीवर एकच दिवा होता, पण तो लुकलुकत नव्हता. स्थिर होता.

वाटेत एक सहकारी हळूच म्हणाला, "ताई, तिला आम्ही टिचक्याची लाईन म्हणतो. कुणी हात लावत नाही. कंदीलमामांनी दोनदा मॉड्युल बदललंय तिचं." कंदीलमामा म्हणजे आमचा दादा. दिव्याकडे बघत बसतो म्हणून पडलेलं नाव.

"दादा."

"तुला बोलावलं वाटतं बाईंनी," तो मान न वळवता म्हणाला. "बस."

"ही यांची लाईन?"

"हं. त्या दिवशी लावलेला लूप अजून तिथेच आहे. कुणी काढला नाही."

"मग हा दिवा..."

"माझाच उजेड आहे. इथून जातो, तिथून वळून येतो. पलीकडे कुणी नाही. मला काय वेड लागलंय असं वाटलं का?"

तेवढ्यात मीटरवरचा आकडा खाली पडला. पुन्हा वर आला. पुन्हा पडला, पुन्हा वर आला. मग काही नाही. मी श्वास सोडला, आणि पुन्हा दोनदा.

दादाने माझ्याकडे पाहिलं. त्याचे ओठ पांढरे पडले होते.

"कामगार असेल एखादा," मी म्हटलं.

"कुलूप आहे. किल्ली वॉचमनकडे. तू यायच्या आधीच फोन केला होता मी त्याला. आत कुणी नाही."

"मग?"

"बोलावतोय," दादा म्हणाला. "इतकी वर्षं बोलावतोय. मी रस्ता ओलांडून त्या दारापर्यंत जातो आणि तिथून पुढे पाय निघत नाहीत. मग तुझ्याकडे येतो."

तेव्हा त्या दुपारींचा अर्थ मला लागला. पण दादाचं अजून संपलं नव्हतं. तो मीटरच्या कडेवरून अंगठा फिरवत राहिला आणि म्हणाला, "त्या दिवशीही बोलावलं होतं. जेवणानंतर. दोनदा, थांबून दोनदा. मी बघितलं. मी म्हटलं, बस बोंबलत. मी इथे बसून हसलो गं. आणि दिवा हिरवाच होता ना. दिवा हिरवा, म्हणजे गडी जागेवर. संध्याकाळपर्यंत मी हिरवा दिवा बघत बसलो."

पंखे घोंघावत होते. पदराला बांधलेलं डॉक्टरांचं ते वाक्य सुटून खाली पडलं, असं वाटलं. क्षणात गेले. काही कळलंही नसेल. कळलं होतं? दोनदा, थांबून दोनदा, एवढं कळण्याइतकं?

दादाचा राग आला का, असं कुणी विचारलं तर खरं सांगते, आला. तेवढ्यापुरता आला. मग त्याच्या खिशातून डोकावणारी ती रबरी टोपी दिसली. पांढरे झालेले केस, आणि स्टुलाच्या दांडीवर आवळून धरलेले पाय, शाळेत शिक्षा झालेल्या पोरासारखे. इतकी वर्षं हे एकट्याने गिळून हा माणूस माझ्या घरी भाजी पोचवत होता. मला ते वाक्य सांभाळता यावं, म्हणून गप्प राहिला होता.

मी म्हटलं, "लूप मी काढते."

"तुला काय कळतंय त्यातलं?"

"दोघांचं भांडण ऐकत इतकं वाढलंय तुम्हाला, तेवढं कळतं. सांग काय करायचं."

मग तो कामावरचा माणूस झाला. "पिवळी, हातभर तार आहे. टोकाला खटका आहे, तो दाबून ओढायचं. तारेला धरून ओढू नकोस. तोंड डोळ्यासमोर धरू नकोस." खिशात हात घालून त्याने चार टोप्या माझ्या तळहातावर ठेवल्या. "दोन लूपच्या तोंडांना, दोन त्या भोकांना."

"उद्या पाडणारच आहेत रे ती खोली."

"असू दे. धूळ जाईल."

वॉचमन म्हातारा होता. कुलूप काढताना म्हणाला, "बाई, मी खाली येत नाही, बरं का. हा टॉर्च घ्या." मी देवाचं नाव घेतलं आणि जिना उतरले. तळघराला रस्त्याच्या पातळीवर झरोके होते. त्यांतून दुपारचा उजेड पट्ट्यापट्ट्यांनी येत होता. भिंतींचा हिरवट रंग पोपडे धरून सुटलेला. खाली उतरेपर्यंत आवाज ऐकू आला. खट्ट, खट्ट. थांबून पुन्हा खट्ट, खट्ट. मी जिन्यावरच थांबले. मागे फिरले असते तर कुणी मला नावं ठेवली नसती.

पण एकदा बोलावलेलं वाया गेलं होतं. मी पुढे गेले.

दार होतं. तारांच्या खोलीचं लोखंडी दार. झरोक्यातून वाऱ्याचा झोत आला की ते आपटायचं, मागे यायचं, पुन्हा आपटायचं. रस्त्याखालून येणारी जाड केबल दाराशेजारच्या पेटीत संपली होती. तिथून निघालेली बारीक पिवळी तार झोळीसारखी लोंबून बिजागरीच्या फटीत गेली होती. दार आपटलं की तार वाकायची, मागे आलं की सरळ व्हायची. मी दार हाताने धरलं. तार सरळ झाली. सोडलं. खट्ट.

मला रडूच आलं, आणि रडता रडता हसूही. दार! इतकी वर्षं माझ्या भावाला एक दार बोलावत होतं.

मग मी टॉर्च लावला आणि भिंतीकडे पाहिलं.

पलीकडे रॅकपासून ती तार भिंतीवरून येत होती. वीतभर अंतरावर एकेक क्लिप, प्रत्येक क्लिप खिळ्याने ठोकलेली, ओळंब्याने मारल्यासारखी सरळ. ही यांच्या हातची ओळ. मी ती कुठेही ओळखली असती. अशी सरळ ओळ दारापर्यंत आली होती आणि दाराजवळ, माणसाचा हात पोचेल एवढ्या उंचीवर, ती उखडली होती. तीन क्लिपा खिळ्यांसकट लोंबत होत्या, गिलाव्याचे तुकडे निघाले होते. चौथ्या जागी नुसतं भोक होतं. ती क्लिप मी खाली जमिनीवर टॉर्च फिरवून शोधली. नव्हती.

आमचे हे तार लोंबती ठेवणारे नव्हते. तार दाराच्या फटीत आली ती उखडल्यावर. आणि उखडली ती कुणीतरी तिला धरून खाली गेलं म्हणून. त्याच्या आधी ती भिंतीला घट्ट होती. दाराला ती वाकवता आली नसती. तेव्हा त्यानंतरच्या सगळ्या टिचक्या वाऱ्याच्या होत्या. पण पहिल्या चार वाऱ्याच्या नव्हत्या.

किती वेळ उभी होते, सांगता येणार नाही. प्रार्थना आठवेना. नुसतं "देवा" म्हणत होते. मग त्या उखडलेल्या जागी मी हात टेकला. यांचा हात शेवटी जिथे होता तिथे. तार दोन बोटांत धरली आणि हलकेच वाकवली. एकदा. म्हणजे ठीक.

त्यानंतर रॅकपाशी गेले, खटका दाबला आणि लूप काढला. चारही टोप्या घातल्या. काही आवाज झाला नाही, काही विझलेलं दिसलं नाही. तिकडे रस्त्यापलीकडे एक दिवा गेला असेल, तेवढंच.

वर आले तर उन्हाने डोळे दिपले. दादा रस्त्याच्या मधोमध उभा होता. दोन्ही हातांत कागदी पेले, चहा हिंदकळून बोटांवर सांडतोय, आणि एक रिक्षावाला त्याला ओरडतोय, "ओ काका, मरायचंय का?" त्याचं लक्ष नव्हतं. दिवा गेला की चहा घेऊन रस्त्यापाशी यायचं, एवढंच त्याच्या पायांना ठाऊक होतं. मी त्याला कडेला घेतलं.

"दाराचं आहे दादा," मी म्हटलं. "तार दाराच्या फटीत अडकली होती. वारा आला की दार आपटतं आणि तार वाकते. मी डोळ्यांनी पाहिलं."

"दार?"

"दार. लोखंडी."

त्याने चहाकडे पाहिलं. मग विचारलं, "आणि भिंतीवरच्या क्लिपा? जागेवर होत्या?"

मी म्हटलं, "होत्या."

दादा माझ्याकडे बघत राहिला. त्या उन्हात, त्या रहदारीत, इतका वेळ की मला पेल्यातल्या चहाकडे बघावं लागलं.

"मग बरं," तो म्हणाला. आणि थोड्या वेळाने, "एक टिचकी कुणी मारली?"

"मी."

"फार वाकवलीस. तुटली असती."

आम्ही चहा प्यायलो. गार झाला होता.

दुसऱ्या दिवशी पाडणारे आले. दादाने स्वतः उभं राहून केबल ओढून घेतली, ती मोडू नये म्हणून मोठी वेटोळी घालायला लावली, आणि ती भंगारात जाणार होती तरी पोरांना ओरडला. निवृत्त झाला. झोप लागायला लागली, असं वहिनी सांगायची. वाऱ्याच्या दुपारी तो माझ्या दारात आला नाही. यायचा तो न बोलावता, भाजी घेऊन. माझ्या मुलीने एकदा विसरून दोनदा बेल वाजवली. आम्ही सगळे गप्प झालो, तर दादाच म्हणाला, "उघडा की! माणूस बाहेर उभंय." मला वाटलं, माझा एक शब्द लागू पडला. देवाने तो माझ्या खाती कसाही मांडो, म्हटलं.

दादा गेल्या वर्षी गेला. झोपेतच. वहिनीने आवराआवर करताना त्याची हत्यारांची पिशवी माझ्यासमोर आणून ठेवली. "यातलं तूच बघ बाई. मला यातली पिल्लं आणि हत्यारं सारखीच." पकडी, चिमटे, मीटर, टोप्याच टोप्या. तळाशी एक छोटी घडी होती, तारेची तोंडं पुसायच्या त्या मऊ कापडाची. उलगडली तर आत एक क्लिप. वाकडा खिळा, आणि खिळ्याला चिकटलेला गिलाव्याचा तुकडा, हिरवट रंगाचा.

त्या संध्याकाळी यांना उचलण्याआधी त्याने ती तिथून घेतली असणार. भिंतीवरून, जमिनीवरून की यांच्या मुठीतून, ते आता विचारायला कुणी नाही. म्हणजे उखडलेली भिंत त्याने त्याच दिवशी पाहिली होती. रस्त्यावर मला विचारत होता, तेव्हाही त्याला उत्तर ठाऊक होतं.

"काय आहे गं?" वहिनीने विचारलं.

"भिंतीची क्लिप आहे."

"एवढी जपून? टाकू?"

"राहू दे," मी म्हटलं आणि पुन्हा घडी घातली.

हल्ली मुलगी तिच्या लेकराला घेऊन येते. ते कडेवरून वाकून बेल दाबतं, त्याला फार गंमत वाटते. दाबत सुटतं. मुलगी दाराआडून ओरडते, "आई, उठू नकोस गं, किल्ली आहे माझ्याकडे!" मी तरी उठते. हातातलं टाकून उठते. मस्करी असेल, वारा असेल. जाऊन दार उघडते.